बिनरिव्हेटची युद्धनौका

वेल्डरचं कसब कशात, तर जोड दिसता कामा नये. उम्म अल कुवैनच्या वर्कशॉपमध्ये वीस वर्षं मी तेच करतोय. वेल्ड मारायचा, ग्राइंडर फिरवायचा, मग बोट फिरवून बघायचं. बोटाला काही लागलं की परत ग्राइंडर.

एका हॉटेलच्या लॉबीसाठी पहिल्या महायुद्धातल्या युद्धनौकेचं पंधरा फुटी लोखंडी मॉडेल करायचं काम आलं, तेव्हा मी ते मागून घेतलं. कारण माझी मुलगी. तिला या जहाजांचं लहानपणापासून वेड. कुठल्या नौकेवर किती तोफा, चिलखत किती इंच जाड, सगळं तोंडपाठ. पंधरा दिवसांनी ती शिकायला परदेशी निघणार होती आणि बाप नेमकं काय काम करतो हे तिने एकदाही पाहिलं नव्हतं. म्हटलं, जाण्याआधी एकदा तरी बघू दे. घरी मात्र चकार शब्द काढला नाही.

मिळालेल्या ड्रॉइंगमध्ये नुसत्या बाहेरच्या रेषा होत्या. बाकी सगळं मी जीव ओतून केलं. तोफांचे बुरूज फिरतील असे बसवले. पत्रा तर असा गुळगुळीत केला की जेवायला वाढून घ्यावं.

रविवारी तिला घेऊन गेलो. ती भोवती दोनदा फिरली, एक बुरूज फिरवून बघितला, हसलीसुद्धा. मग वाकून पत्र्याकडे बघत राहिली.

"बाबा, व्हेअर आर द रिव्हेट्स?"

"कसले रिव्हेट?"

"दे डिडन्ट वेल्ड शिप्स देन. इट वॉज ऑल रिव्हेट्स."

तिने मोबाइलवर फोटो दाखवला. खऱ्या नौकेच्या अंगभर ओळीने ठिपके, मोहरी पसरल्यासारखे; पत्र्याला पत्रा जोडणाऱ्या रिव्हेटच्या खिळ्यांची डोकी.

माझ्या डोक्यात तिडीक गेली. हौसेने आणलं आणि हात दाखवून अवलक्षण झालं. "वीस वर्षं लोखंडात काढलीत मी," मी म्हणालो, "आता तू शिकवणार मला?"

तिने मोबाइल खिशात टाकला. शेजारी उभा असलेला सुपरवायझर म्हणाला, "हबीबी, लॉबी में कौन गिनेगा? कल डिलिव्हरी है, खलास." तो माझी बाजू घेत होता, त्याचाच मला जास्त राग आला. कारण पोरीचं बरोबर होतं. फोटो बघताक्षणीच मला ते कळलं होतं.

"कुणी आधी सांगितलं असतं तर केले नसते का मी?"

"आय टोल्ड यू, बाबा. अ‍ॅट डिनर."

सांगितलं होतं खरंच. तेव्हा ती आठवीत होती. लालभडक रिव्हेट एकाने चिमट्याने फेकायचा, दुसऱ्याने बादलीत झेलायचा, असं हातवारे करून सांगत होती. ताटातली भाजी गार होत होती. मी म्हणालो होतो, आधी जेव. त्या दिवशीच नाही, ती जहाजांचं काही सांगायला लागली की दरवेळी मी हेच म्हणायचो.

दुबईला, सिलिकॉन ओएसिसमधल्या घरी परतायला तासभर लागतो. तिच्या कानात इयरफोन. माझा राग कुठे काढावा ते मला कळेना. शेवटी घराजवळच्या सिग्नलला मी विचारलं, "ते रिव्हेट झेलायचे म्हणालीस, ते कसे गं? सांग ना."

तिने एका कानातला इयरफोन काढला. सिग्नल हिरवा झाला होता, ती समोर बघत म्हणाली, "ड्राइव्ह फर्स्ट, बाबा."