मुका बार

भिवाचा दिवस पहाटे चारला सुरू व्हायचा. अंधारातच तो पहारीच्या धारेवरून अंगठा फिरवून पाही. तोवर बायको सखू भाकरी थापून घेई. मग दोघं पारसिकच्या डोंगराखालच्या खाणीकडे निघत. तो सुरुंग लावणारा. ती टोपलीवाली; बार उडाले की दगड उचलायला सगळ्यांत आधी खाली उतरणाऱ्या बायांतली.

चार जोड्या सकाळभर घण मारून कातळात सात भोकं पाडत. दारू भरणं, वात सोडणं, माती ठासणं हे मात्र भिवाचं एकट्याचं काम. भर दुपारी लाल फडकं हलवून तो सातही वाती पेटवी आणि आडोशाला पळे. मग सगळी खाण बोटांवर मोजे. सात धडाके झाले की टोपल्या उठत. सहाच झाले तर एक मुका बार आत बसलेला. तो कधी फुटेल ते सांगता येत नसे. वीस वातींत एखादी अशी दगा देई.

खाणीत म्हणत, डोंगराने एक स्वतःला ठेवून घेतला. मग नारळ फोडायचा. नारळ मिळाला की डोंगर आठवडाभर काही मागत नाही.

त्रेपन्न सालच्या चैत्रात एका मंगळवारी एक बार मुका गेला. नारळ फुटला. भिवाने पाणी ओतून तो बार निकामी केला. बुधवारी पुन्हा वाती पेटल्या, आणि त्याच्या बोटांवर सहाच धडाके आले.

मग सगळं गप्प झालं. धूर कातळाला चिकटून राहिला, हलेना. रोज धूर विरायच्या आत कावळे परत येत. आज एकही आला नाही. उन्हात कातळ आतल्या आत बारीक कुरकुरत होता.

"सात झाले," मुकादम त्र्यंबक म्हणाला. "दोन एकदम उडाले."

"मी सहा मोजले."

"अरे, कालच नारळ दिलाय. लगेच कसा मागेल तो?"

"वातीला कालचं काय ठाऊक? ती आज कापली."

बाया हसल्या. रंगूबाई ओरडली, "सखू, तुझ्या दादल्याचे कान साफ कर गं!"

टोपल्या भरल्याशिवाय मजुरी नव्हती. सखूने पदर खोचला आणि उठली. भिवा तिच्यापुढे आडवा झाला.

"सकाळपर्यंत कुणी उतरायचं नाही."

बारवाल्याने नाही म्हटलं की मुकादमाचंही चालत नसे. बाया रिकाम्या टोपल्या घेऊन, शिव्या देत घरी गेल्या.

सकाळी पाण्याची बादली घेऊन तो एकटा खाली उतरला. एकेक भोक हाताने चाचपलं. सातही फाटलेली होती. पाचवा आणि सहावा एकाच दमात उडाले होते.

संध्याकाळी भाकरी थापता थापता सखू म्हणाली,

"हसं झालं. मुकादमाचं खरं ठरलं ना?"

"ठरलं."

"मग आता तरी भ्या सोडा."

भिवाने अंगणातून बारीक खडी आणली आणि शंभर खडे मांडले. "हे शंभर दिवस समज. एकच वात लावली, तर वीस दिवसांत एक दिवस मुका." त्याने पाच खडे बाजूला केले. "उरल्या दिवसांत दुसरी वात. त्यांतूनही विसाला एक जाणार."

सात वातींसाठी त्याने सात वेळा असे खडे काढले. अर्ध्या खड्याशी अडला, तिथे जवळचा आकडा धरला.

"राहिले सत्तर. त्या दिवशी सातही उडतात. कालचा दिवस यांतला."

"आणि हे तीस?"

"त्या दिवशी एक तरी मुका. कुठला, ते कळत नाही."

सखूने त्या ढिगाकडे हात नेला आणि न शिवता मागे घेतला. "मग नारळ?"

"डोंगराला काही आठवतच नाही, सखू. भूक असती तर भागवली असती."

दुसऱ्या दिवशी दोघं पुन्हा कामावर गेली. न जाऊन भागणार नव्हतं. ती टोपली उचलून उतरे तेव्हा भिवा कातळाकडे पाहत नसे, तिच्या पाठीकडे पाही. सात धडाके स्वच्छ ऐकले तरी पाही. अशी तीन वर्षं गेली.

छप्पन्न साली दोघांच्या मजुरीतून कल्याणपलीकडून चालवत एक दुभती म्हैस आली. त्या दिवसापासून सखू कळव्यात घरोघर दूध घालू लागली. खाणीत ती पुन्हा उतरली नाही.