मसाजीनं बसवलेले दोन बोल्ट

मसाजी आमच्या गावातला एकटाच सुतार, आणि घरातही एकटाच. बायको चंद्रभागाबाई जर्मनची लढाई सुरू झाली त्या साली तापानं गेली, पोरबाळ नव्हतं. वर्षातले अकरा महिने त्याच्या ओट्यावर कुणी फिरकायचं नाही. मिरगाआधीचे पंधरा-वीस दिवस मात्र त्याचे. पेरणीआधी गावातली प्रत्येक तिफण त्याच्याकडे यायची. फण ठोकायचे, नळ्या साफ करायच्या, बी ओतायचं चाडं घट्ट बसवायचं. जिची तिफण ती घरधनीण तिला हळदकुंकू लावून मसाजीच्या हातात नारळ द्यायची. आपली पाळी येईपर्यंत माणसं ओट्यावर बसायची, चिलमी फिरायच्या, आणि वर्षभर मुका राहिलेला मसाजी असा काही बोलत सुटायचा, की ऐकणाऱ्याला उठायला बहाणा शोधावा लागे. मीही तसा उठलेलो आहे.

गावाबाहेर सरकारी बंगला होता. तिथं साहेब लोकांसाठी लाकडी कमोड होता. खुर्चीसारखी चौकट, खाली भांडं, वर भोक पाडलेली फळी, आणि ती फळी मागून दोन बोल्टांनी आवळलेली. बोल्ट गंजून खिळखिळे झाले आणि एके दिवशी एक जाडजूड साहेब फळीसकट एका अंगाला कलंडले. साहेब चौकीदार थावरावर ओरडले, थावरा पाटलांकडे धावला, पाटलांनी मसाजीला बोलावलं. हुकूम म्हटल्यावर नाही म्हणायची सोय नव्हती. पण खरं सांगायचं तर मसाजीला नाही म्हणायचंही नव्हतं. नवं काम दिसलं की त्याचे हात शिवशिवायचे.

पुढचं सगळं मला थावरानं सांगितलं. नट फिरवायला गेलं की बोल्टही त्याच्याबरोबर फिरायचा. मसाजीनं घासलेट सोडून वाट पाहिली, बोल्टाचं डोकं सांडशीत धरलं, तरी नट सुटेना. शेवटी लोखंड कापायच्या करवतीनं त्यानं दोन्ही बोल्ट कापून काढले. लढाईमुळं नवे मिळत नव्हते. हिंगोलीच्या बाजारात मोडक्या लोखंडाच्या ढिगातून दोन सारखे शोधायला त्याचा अख्खा दिवस गेला. लाकूड चिरू नये म्हणून नटाखाली त्यानं सायकलच्या जुन्या ट्यूबच्या चकत्या घातल्या, आणि एकदा हा, एकदा तो असं करत दोन्ही बोल्ट सावकाश आवळत आणले. बाज असो की पाट, काम झालं की स्वतः बसून पाहायची त्याची रीत होती. तो धोतर आवरून त्या फळीवर बसला. डावीकडं कलला, उजवीकडं कलला, समाधानानं उठला.

इथवर ठीक होतं. पण हे त्यानं पारावर येऊन सगळ्यांना सांगितलं.

"बसून पाह्यलं म्या. जरा बी हालत न्हाई," तो म्हणाला.

आम्ही पोट धरून हसलो. मसाजीही हसला, कारण इतकी माणसं त्याच्याभोवती बसलीत एवढंच त्याला पुष्कळ होतं. तो ओढ्यावर आंघोळ करून घरी गेला आणि त्याच्या लेखी विषय संपला.

विषय मग घराघरांतून निघाला. त्या हातांनी चाड्याला शिवायचं आणि त्यातून लक्ष्मी पेरायची का, असं माझी आई द्वारकाबाई म्हणाली. बाप किसनरावांनी मान डोलावली. मी हिंगोलीला चार इयत्ता शिकलेला शहाणा, मीही डोलावली. बंगल्यातलं ते भांडं रोज उचलणाऱ्या माणसाला आम्ही कधी पारावर बसू दिलं नव्हतं. आता मसाजीला त्याच्या रांगेत बसवलं. तेव्हा दोन्ही गोष्टींची लाज वाटली नाही, आज वाटते.

मिरीग जवळ आला. मसाजीनं ओटा सारवला, हत्यारांना धार लावून ती ओळीनं मांडली, माणसांना बसायला पोती अंथरली. कुणी आलं नाही. वाटेनं जाणाऱ्याला तो विचारायचा, "औंदा कोणी येऊन राहिलं न्हाई, काहून?" कुणी म्हणायचं, अजून वेळ आहे. कुणी म्हणायचं, बैल आजारी आहे. आठवडाभर हे चाललं. शेवटी थावरालाच दया आली आणि त्यानं खरं कारण सांगून टाकलं. त्या दिवसापासून मसाजीनं विचारणं सोडलं. पोती मात्र तो रोज सकाळी झटकायचा आणि पुन्हा अंथरायचा.

आमची तिफण आखाडा बाळापूरच्या सुताराकडे न्यायचं बापानं ठरवलं. गावचा सुतार जिवंत असताना तिफण परगावी नेणं म्हणजे त्याला गावातून उठवणंच. मी ती गाडीत टाकली आणि वर घोंगडं घातलं. गाडीवाट मसाजीच्या दारावरून जायची. मी बैलांच्या शिंगांकडं बघत हाकत होतो, पण तिफणीची दांडी घोंगड्याबाहेर हातभर आली होती. ती त्यानंच घडवलेली, त्याला ओळखायला कितीसा वेळ लागणार?

"संतराम, थांब," तो ओट्यावरून उतरत म्हणाला.

आता शिव्या देईल असं वाटलं. दिल्या असत्या तर बरं झालं असतं. तो गाडीच्या मागं गेला. दोर ढिला हाय, फण आदळून मोडंल, असं पुटपुटत त्यानं दोराकडं हात नेला. हात मध्येच थांबला. त्यानं तो मागं घेतला आणि दोन्ही हात पाठीशी बांधले.

"तूच आवळ. म्या सांगतो."

त्यानं सांगितलं तसा मी दोर आवळला. अजून एक येढा, आता खालून गाठ. वाकून, पण लांबूनच, त्यानं गाठ पाहिली. मग माझ्याकडं न बघता म्हणाला, "येताना हिकडूनच येशील नव्हं? घडीभर बस."

मी व्हय म्हणालो, आणि येताना गाडीवाट सोडून गाडी नाल्यातून घातली.