यादीतलं पहिलं नाव

ज्या माणसाला मी कधी पाहिलं नाही त्याच्याबद्दल सांगायचं, तर त्याच्या मुलीपासून सुरुवात करावी लागेल. ही मुलगी साठीची होती. नॉर्वेची डॉक्टर, चंदीगडला आमच्या हॉस्पिटलात कुपोषित मुलांच्या वॉर्डात सहा महिन्यांसाठी आलेली. मी तिथे लॅबमध्ये टेक्निशियन. पंजाबात तेव्हा अतिरेक्यांचे दिवस होते. सकाळी पेपर उघडायचा, काल कुठे काय झालं ते वाचायचं आणि मिटून ड्यूटीवर जायचं. बाहेरून येणारे डॉक्टर एकेक करून बेत रद्द करत होते. ही बाई मात्र आली, आणि रविवारी सकाळी मैदानाच्या कडेला स्टूल टाकून आमची मॅच बघत बसू लागली.

टीम हॉस्पिटलच्या कर्मचाऱ्यांची होती. मी कोल्हापूरचा, पेठेतल्या फुटबॉलवर वाढलेला, त्यामुळे इथेही गप्प बसवेना. चाळिशीला टेकलो होतो, गुडघे कुरकुरत होते, तरी कॅप्टन मीच, सेक्रेटरी मीच आणि बॉलमध्ये हवा भरणाराही मीच. कुणी रात्रपाळी करून तसाच यायचा, कुणाच्या भागात कर्फ्यू लागायचा. अकरा माणसं जमवता जमवता माझा जीव मेटाकुटीला यायचा. न चुकता यायचा तो फक्त आमचा गोलकीपर. हा हॉस्पिटलात लिफ्ट चालवायचा. मुल्लानपूरच्या बाजूच्या एका गावातून सायकल मारत यायचा, पगडी काढून डोक्याला पटका घट्ट बांधायचा आणि गोलमध्ये उभा राहायचा. मला ‘भाऊ’ म्हणायचा. हा शब्द त्याने माझ्याकडूनच उचलला होता.

बाईचे वडील विसाव्या शतकाच्या सुरुवातीला आपल्या गावच्या क्लबातून खेळायचे. समुद्राकाठचं लहानसं गाव. ते एका छापखान्यात अक्षरांचे खिळे जुळवायचे. आठवडाभर उभ्याने काम करायचं आणि सुट्टीच्या दिवशी खेळायचं. खेळण्याचे पैसे कुणी देत नव्हतं, आणि दिले असते तर त्यांनाच लाज वाटली असती, असं बाई म्हणाली. वर्षातले चार-पाच महिने मैदानावर बर्फ. उरलेल्या दिवसांत खडी. गुडघे सोलून घरी यायचे, आणि आई, म्हणजे बाईची आजी, जखम धुता धुता बोलायची. खेळायचे डाव्या कडेला. उंचीने बेताचे, पण पळायला चपळ.

एकदाच त्यांना देशाच्या टीममध्ये घेतलं, तेही आयत्या वेळी, ठरलेला खेळाडू आजारी पडला म्हणून. बोटीने गेले, वाटेत ओकून ओकून अर्धे झाले. परदेशातली मॅच, चांगलीच हरले. परत आले आणि दुसऱ्या सकाळी छापखान्यात हजर. तिथे गावच्या पेपरसाठी त्याच मॅचची बातमी जुळवायला त्यांच्याच पुढ्यात आली. यादी मॅचच्या आधी तारेने आलेली होती. शेवटचं नाव, डाव्या कडेचं, त्या आजारी खेळाडूचं होतं. त्यांनी कागदावर होतं तसं ते जुळवलं आणि पान छापायला दिलं.

“बदललं का नाही?” मी विचारलं.

“मीही आयुष्यभर हेच विचारलं,” बाई म्हणाली. “ते म्हणायचे, कागदावर जे लिहिलंय ते जुळवायचं. जुळवणाऱ्याने आपल्या मनाचं काही घालायचं नाही. त्यातून स्वतःचं नाव तर नाहीच.”

त्यानंतर त्यांना पुन्हा कुणी बोलावलं नाही. लग्न झालं, मुलं झाली, गुडघा गेला. पन्नाशीपर्यंत ते दर वसंतात मैदानावरचे दगड वेचायचे, चुन्याने रेघा मारायचे. त्या मॅचबद्दल घरात फारसं बोलणं नव्हतं. बाईला याचा अजून राग होता. मला मात्र हा माणूस फार आवडला. थोडा मूर्खही वाटला.

त्या हिवाळ्यात शहरात जमावबंदी लागली. मॅच खेळायची तर पोलिसांची परवानगी हवी, आणि अर्जासोबत खेळाडूंची यादी, प्रत्येकाच्या वडिलांचं नाव आणि पत्ता. रविवारी पिंजौरची एक टीम येणार होती. यादी मी लॅबच्या टाइपरायटरवर केली. फुटबॉलच्या यादीत गोलकीपर पहिला येतो. आमच्या पेठेतही तसंच, नॉर्वेतही तसंच. मी त्याचं नाव टाइप केलं, गावाचं नाव टाइप केलं आणि थांबलो. तरुण सरदार, खेड्यातला. तिकडून पोलिसांनी पोरं उचलून नेल्याच्या गोष्टी रोज कानावर येत होत्या. त्याचं नाव उगाच ठाण्यात कशाला जायला हवं, असं मी मनाशी म्हटलं. ते खरंही होतं. पण तेवढंच नव्हतं. हे नाव बघून अर्ज अडकेल, खेटे घालावे लागतील, आणि मी इतका दमलो होतो की मला एकही खेटा नको होता. मी कागद ओढून काढला, नवा घातला आणि यादी दुसऱ्या नावापासून सुरू केली. पहिल्या जागी राखीव बॅकचं नाव टाकलं. खेळायचं गोलकीपरनेच होतं. मैदानावर नावं ताडून बघायला कोण येणार होतं? त्याला मी काही बोललो नाही.

परवानगी दुसऱ्याच दिवशी मिळाली.

रविवारी तो आला नाही. धुकं होतं, वाटलं अडकला असेल. राखीव बॅकला गोलमध्ये उभं केलं, हरलो आणि घरी येऊन मी शांत झोपलो. सोमवारी लिफ्ट बंद दिसली तेव्हा कळलं. नाक्यावर त्याला अडवलं होतं. कुठे चाललास, तर मॅचला. नाक्यावाल्यांनी ठाण्यात विचारलं, ठाण्यात यादी होती, यादीत नाव नव्हतं. खोटं बोलतोय म्हणून आत घेतलं. हॉस्पिटलचं पत्र घेऊन मी गेलो, पण बाहेर यायला त्याला मंगळवार उजाडला. आत काय झालं ते त्याने सांगितलं नाही. उजव्या हाताची दोन बोटं जाड पट्टीत होती. लिफ्टची बटणं तो डाव्या हाताने दाबत होता.

लिफ्टमध्ये आम्ही दोघंच होतो तेव्हा त्याने विचारलं, “भाऊ, लिस्ट में मेरा नाम तो था ना?”

“टाइप करते वक्त छूट गया यार,” मी म्हणालो.

त्याने माझ्याकडे बघितलं. “हो जाता है,” म्हणाला आणि तिसऱ्या मजल्यावर दार उघडलं.

मला स्वतःची इतकी किळस त्यापूर्वी कधी आली नव्हती. त्याने पुन्हा खेळायला यावं, एवढंच मला हवं होतं. तो आला की सगळं फिटलं, असं मी धरून चाललो होतो. रविवारी सकाळी मी मुल्लानपूरच्या रस्त्याकडे बघत उभा राहायचो. तो आला नाही. बोटं बरी झाल्यावरही आला नाही. मी लिफ्ट सोडली आणि जिन्याने तीन मजले चढू लागलो, असल्या गुडघ्यांनी. बायको म्हणायची, तुम्हाला वेड लागलंय का.

बाई परत जायला निघाली तेव्हा तिला मी खरं सांगितलं. इंग्रजीत सांगता आलं, मराठीत बायकोलाही सांगता आलं नव्हतं. बाई म्हणाली, “माझ्या वडिलांनी गाळलं ते स्वतःचं नाव होतं.” मग म्हणाली, “त्याला जाऊन सांग.”

मी सांगितलं नाही. उद्या सांगू, उद्या सांगू करत दोन वर्षं गेली, टीम मोडली, त्याची दुसऱ्या इमारतीत बदली झाली. पुढे बऱ्याच वर्षांनी मी निवृत्त होऊन कोल्हापूरला परतलो.

हे लिहायला बसलो तेव्हा ठरवलं होतं की पहिल्याच ओळीत त्याचं नाव घालायचं, वडिलांच्या नावासकट, गावासकट. आता कुणाची भीती नाही, कसला अर्जही नाही. तरी हात अडला. मग मी बाकीच्यांचीही नावं काढून टाकली, बाईचं, तिच्या वडिलांचं, माझंसुद्धा. म्हणजे त्याचं एकट्याचंच गाळलंय, असं दिसणार नाही.