उलटा हात

आमच्या लोखंडी कपाटाचा वरचा कप्पा शालींनी भरलेला आहे. सगळ्या नवऱ्याच्या सत्काराच्या. नारळांची चटणी झाली, पुष्पगुच्छ शेजारणीच्या बकरीने खाल्ले, शाली तेवढ्या उरल्या. त्या अंगावर घ्यायच्या कामाच्या नाहीत. टोचतात, आणि ऊब म्हणाल तर नावाला नाही. नवऱ्याच्या जिद्दीला सलाम करणारी माणसं पुष्कळ आली. त्यातल्या एकानेही कधी त्यांची चादर धुतली नाही. हे मी आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे माझा राग कुठून येतो ते कळेल.

नवरा जाऊन दोन पावसाळे झाले.

आमचं गाव नवेगाव बांधच्या तलावाला लागून. लग्न ठरलं तेव्हा मुलगा जंगलखात्याच्या रोजीवर जातो असं सांगितलं होतं. तो रोजीवर कमी आणि डोंगरावर जास्त असतो, हे नांदायला आल्यावर कळलं. तलाव आडवा पोहून जायचे. दोर खांद्यावर टाकून कडे चढायचे. जंगलवाटेने पायी छत्तीसगडात जाऊन तीन-चार दिवसांनी उगवायचे. काय मिळालं विचारलं तर म्हणायचे, "पाहून आलो." मी चिडायची. पण खोटं कशाला बोलू, मला ते आवडायचंही. बाकीच्या बायकांचे नवरे पारावर पत्ते कुटत बसायचे, माझा निदान कुठून तरी येत असे.

लग्नाच्या सहाव्या वर्षी ते पडले. मोठ्या कड्यावरून नाही, तो ते नीट उतरले होते. घराकडे येताना, आता कशाला लागतो म्हणून दोर गुंडाळून ठेवल्यावर, एका ओल्या खडकावरून पाय सुटला. दोन पुरुष उंची असेल. मणका मोडला आणि कमरेखालचं सगळं गेलं. चालणं गेलं, लघवीची जाणीव गेली आणि दुखणंही गेलं. आता दुखणार नाही हे ऐकून मला बरं वाटलं होतं. किती अडाणी होते मी!

ज्याला दुखत नाही त्याला कळतही नाही. बसून बसून हाडाखालचं मांस दबतं, आतल्या आत सडतं, आणि माणूस वर मजेत गप्पा मारत असतो. दवाखान्यातून सुट्टी देताना डॉक्टरीणबाईंनी मला समोर बसवून बजावलं. रोज सकाळी पाहायचं. कातडी काळी आहे, लाली दिसणार नाही, तेव्हा हात लावून पाहायचं. गरम लागलं, टणक लागलं, की बसणं बंद आणि पालथं झोपवायचं.

मी अंगणवाडीत काम करते. पोरांच्या कपाळाला उलटा हात लावून ताप ओळखण्यात माझी निम्मी नोकरी गेली. तोच उलटा हात मी रोज सकाळी नवऱ्याला लावू लागले. कमरेपासून मांडीपर्यंतच्या सगळ्या भागाला आमच्या घरात "पाठ" म्हणायचे, तेवढीच लाज राखलेली. ते पालथे पडून विचारायचे, "पाठ कशी हाये?" मी "ठीक" म्हणाले की उठून बसायचे. त्यांचा दिवस माझ्या एका शब्दावर उगवायचा.

वर्षभर ते भिंतीकडे तोंड करून पडले होते. मग हाताने चालवायची तीनचाकी मिळाली आणि माणूस पुन्हा उधळला. आधी तलावाच्या पाळीपर्यंत, म्हणजे बांधापर्यंत. मग नहराच्या, म्हणजे कालव्याच्या रस्त्याने इटियाडोह धरणापर्यंत. मग देवरी, त्या चढासकट. ट्रकवाले हॉर्न वाजवून हात दाखवायचे. हँडल फिरवून फिरवून त्यांच्या तळहातांना असे घट्टे पडले की भाकर तव्यावरून बोटांनी उचलायचे. उन्हाळ्यात मित्रांकडून स्वतःला तलावात सोडवून घ्यायचे आणि नुसत्या हातांनी पोहायचे. पाळीवर लोक टाळ्या वाजवायचे. मी टॉवेल घेऊन उभी असायची.

मग डोंगरगड डोक्यात शिरलं. तीनचाकीने छत्तीसगडात जायचं आणि बमलेश्वरीच्या हजारावर पायऱ्या हातांवर चढायच्या. पाठीमागे हात टेकवून, एकेक पायरी, बुड उचलत.

"देवीले नवस केला का?" मी विचारलं.

"देवीसाठी नाई, पायऱ्यांसाठी."

"रोपवे हाये ना तिथं."

"रोपवेनं पोतं बी वर जाते."

नवरात्र जवळ आलं तशी मी मनात पायऱ्या मोजू लागले. बुडाचं हाड दगडावर हजारदा आपटणार. आणि नुसती भीती नव्हती. मी थकले होते. ते पडल्यापासून मी एक रात्र सलग झोपले नव्हते. निघायच्या चार दिवस आधी सकाळी त्यांनी विचारलं, पाठ कशी हाये. पाठ अगदी छान होती. मी म्हणाले, "फुटली हाये."

 ते तसेच पालथे राहिले. तीन आठवडे. मी त्यांच्या धडधाकट कातडीवर मलम लावायची, पट्टी करायची. सांगायला लाज वाटते, पण लग्नानंतरचे सर्वांत सुखाचे दिवस तेच. ते घरात, रेडिओ चालू, मी शेजारी झोपलेली.

एका दुपारी आरोग्य उपकेंद्राची नर्सबाई गोळ्या द्यायला आली आणि आपणहून पट्टी काढून पाहू लागली. "कुठं हाये जखम? पाठ तं साफ हाये," ती म्हणाली. मी चुलीकडे गेले.

 तिसऱ्या दिवशी त्यांनी विचारलं, "काऊन वं?"

"मले भेव लागते."

"भेव तुले लागते, अना पालथा मी पडून राहिलो."

शिवी दिली असती तर बरं झालं असतं. त्यानंतर रोज सकाळी मी आधी मोबाईलवर पाठीचा फोटो काढायची आणि तो त्यांच्या हातात द्यायची. ते फोटो बोटांनी मोठा करून पाहायचे आणि मग उठायचे. "पाठ कशी हाये" हा प्रश्न आमच्या घरातून गेला. तो मीच घालवला होता, तोंड कुठे वर करणार?

पुढच्या नवरात्रात पुन्हा डोंगरगड. दोन मित्र मोटारसायकलवर सोबत जाणार होते. निघायच्या आदल्या दिवशी फोटो काढून मी सवयीने उलटा हात फिरवला. डाव्या बाजूला, हाडावर, रुपयाएवढी जागा गरम लागली. पुन्हा लावला. गरम, आणि आत टणक.

"गरम हाये," मी म्हणाले.

त्यांनी फोटो पाहिला. "यात तं काईच नाई दिसत."

"फोटोत गरम दिसते का? हात लावून पाहा ना तुमी."

त्यांनी हात मागे नेऊन तळवा टेकवला. त्या घट्ट्यांना तव्याचा चटका लागत नव्हता, हे काय लागणार! "माया हाताले तं थंड लागते," ते म्हणाले. मग माझ्याकडे पाहून हसले, समजूत घातल्यासारखे. "मागच्या साली फुटली होती, औंदा गरम झाली."

नर्सबाई प्रशिक्षणाला गोंदियाला गेली होती. मी मित्रांना सांगायला हवं होतं. तीनचाकीची हवा सोडायला हवी होती. पाया पडायला हवं होतं. पण त्या हसण्याने माझं डोकं फिरलं. "जा मंग," मी म्हणाले. "मले का करायचं हाये?" आणि रागाने सोबत गेले नाही. म्हणजे सहा दिवस त्यांच्या पाठीला कोणाचाच हात लागला नाही.

ते चढले. पूर्ण, वरपर्यंत. मित्राने फोन लावून दिला तेव्हा वाऱ्याचा आवाज येत होता आणि ते लहान पोरासारखे ओरडत होते, "पाहून राहिलो वं, सारं पाहून राहिलो!" मी फोन ठेवला आणि रडले. अभिमानाने रडले की कशाने, कोण जाणे.

परत आले ते टेम्पोतून. कपाळाला गुलाल, मांडीवर प्रसादाची पिशवी, अंगात ताप. चौकात लोकांनी शाल घातली. कपाटात सर्वांत वर आहे ती, हिरव्या काठाची. मी जवळ गेले आणि मला वास आला. मोठ्या जखमेचा वास ज्याने घेतला आहे त्याला तो सांगावा लागत नाही.

गोंदियाच्या दवाखान्यात डॉक्टरांनी मला बाजूला घेतलं. "घाव हड्डी तक गया है," ते म्हणाले. "पहले ध्यान नहीं दिया क्या?" मी मान खाली घातली. काय सांगणार होते? की ध्यान दिलं होतं, पण माझी पत गेली होती?

दवाखान्यात दोन महिने काढले. ड्रेसिंगला मी हजर असायची. आत हाड पांढरं दिसायचं. पहिल्या दिवशी पट्टी झाल्यावर ते पालथेच पडून म्हणाले, "पाठ कशी हाये?"

वर्षभराने तो प्रश्न ऐकत होते. मोबाईल त्यांच्या उशाशी होता, मीच चार्ज करून ठेवलेला. आता फोटो काढ म्हणतील म्हणून माझा हात तिकडे गेलासुद्धा.

"भरून राहिली," मी म्हणाले.

"बरं," ते म्हणाले.

रोज विचारायचे, रोज मी तेच सांगायची. त्यांच्या नाकाला काय वास येत नव्हता? तापाने अंग भाजत होतं ते काय त्यांना कळत नव्हतं? शेवटच्या सकाळीही मी भरून राहिली म्हणाले आणि ते बरं म्हणाले. मोबाईल तिथेच होता. फोटो त्यांनी एकदाही मागितला नाही.