हाक आणि हुकूम

आमच्या घरात कॉलेजात गेलेला मी पहिलाच. लिहायचं धाडस करतोय, त्याबद्दल आधीच माफी मागतो. मैदानात ओरडायचं कसं, यावर लिहिण्यासारखं काय असतं, असंही कुणी म्हणेल. पण त्या हिवाळ्यात माझा जीव त्यातच अडकला होता.

सव्वीस जानेवारीच्या संचलनात कॉलेजच्या तुकडीला हुकूम कोण देणार, ते ठरायचं होतं. आम्ही दोघं होतो, मी आणि हुपरीचा एक मुलगा. मी मात्र घरी 'मीच' म्हणून सांगून बसलो होतो. वडिलांनी माझं कॉलेज कधी पाहिलं नव्हतं. शिरोळजवळचं आमचं रान सोडून ते या वेळी येणार होते.

आवाज माझा मोठा, उसात हाका मारून तयार झालेला. पण हाकेचा शेवट आम्ही लांबवतो. पहिल्याच दिवशी मी 'दल, थमऽऽऽ' केलं. कुठल्या पावलावर थांबायचं ते कुणाला कळेना आणि अर्धी तुकडी मेंदीच्या कुंपणात घुसली.

"पावणं, म्हशी वळवताय व्हय?" कवायत शिकवणारे उस्ताद म्हणाले. "'दल' लांबवा. 'थम' कसं, कुऱ्हाड पडल्यागत पायजे."

मग मी रोज सकाळी कळंब्याच्या तलावाकडं जाऊ लागलो. वारा पाठीशी घ्यायचा, पोटातून श्वास ओढायचा. घसा बसायचा, शेवट काही तुटायचा नाही. रात्री अंथरुणातही ओठ हलत राहायचे. एका सकाळी मात्र 'थम' तुटलं, आणि समोरच्या वाटेनं खोरी घेऊन चाललेली जवळच्या तुरुंगातल्या कैद्यांची रांग जागीच थांबली.

"ओ पावणं!" त्यांच्यासोबतचा शिपाई ओरडला. "ही तुमच्या हुकमानं थांबाय लागली तर माझी नोकरी जाईल की!"

कैदी हसायला लागले. मी पळ काढला.

शनिवारी उस्तादांनी आम्हा दोघांना ऐकलं आणि काही न सांगताच सोडलं. रविवारी घरी येऊन वडिलांबरोबर रानात उसाचा पाला काढत होतो.

"मग, येऊ न्हवं?" वडिलांनी दोनदा विचारलं. मी पाला ओढत राहिलो. ते बांधाकडं गेले.

हुपरीचा मुलगा उस्तादांचा निरोप घेऊन एस.टी.नं आला होता आणि बांधावर उभा होता, हे मला उसातून दिसत नव्हतं. वडिलांची हाक तेवढी आली, शेवट लांबवलेली.

"आरं, तुलाच दिलंय म्हनंऽऽऽ! ह्यो पोरगा सांगाय आलाय! मी येतोय रंऽऽऽ!"