मंडळाला लागलेली अमेरिकन घाई

अख्ख्या गिरणगावात अमेरिकन गाणं समजणारा एकच माणूस होता आणि तो म्हणजे माझ्या मावशीचे यजमान, असं खुद्द त्यांचंच मत होतं. काका माझगावच्या गोदीत फिटर. एका अमेरिकन बोटीवरच्या आचाऱ्याची शेगडी त्यांनी दुरुस्त करून दिली, तर त्यानं खूश होऊन त्यांना गाण्याची एक मोठी तबकडी दिली. पाकिटावर कोट घातलेले चार धिप्पाड काळे गवई होते. "ह्येंचा भजनी मंडळच आसा," काकांनी पाहताक्षणी निकाल दिला. लालबागच्या आमच्या चाळीतल्या भजनी मंडळाचे बुवा ते स्वतःच, त्यामुळे घरोबाच जुळला. त्या चौघांपैकी मिशीवाल्याला ते तात्या म्हणत आणि त्याच्या तब्येतीची काळजीही करत.

घोटाळा एवढाच, की काकांचा चावीचा ग्रामोफोन जुन्या तबकड्यांसाठी एकाच भरधाव वेगानं फिरणारा, आणि ही नवी तबकडी संथ फिरवायची. आम्हाला कुणालाच हे ठाऊक नव्हतं. त्यामुळे ते चार पहिलवान चिमण्यांसारखे चिवचिवत आणि डझनभर गाणी मावशीचा भात शिजायच्या आत खलास होत. दुसऱ्या कुणाला शंका आली असती, काकांना आदर वाटला. "देह बघ आणि आवाज बघ. केदी तालीम केली असतली!" असं म्हणून त्यांनी मंडळालाही तीच तालीम लावली. गिरणीतले दणकट गडी मिशा सांभाळत किनऱ्या आवाजात सुसाट अभंग म्हणू लागले. आरती कापूर पेटायच्या आत संपायची, मग सगळे हात जोडून नुसते कापराकडे बघत उभे. मावशी म्हणायची, "अरे, देवाकसुद्धा धाप लागली असतली!"

संयुक्त महाराष्ट्राची चळवळ तेव्हा ऐन भरात होती. काकांनी तिच्यावर एक गीत रचलं होतं आणि मैदानातल्या सभेत ते आपल्या मंडळानं गावं, एवढी एकच आस त्यांना लागली होती. सभेचा कार्यकर्ता म्हणाला, "बुवा, टायमच नाय. वक्तेच ढीगभर हायत." काकांनी तिथल्या तिथे गाऊन दाखवलं. त्यानं पानाला चुना लावून ते तोंडात टाकेपर्यंत गीत संपलं. "अरे, हे जमेल की!" तो म्हणाला. "पुढारी खुर्चीत बसेपर्यंत उरकून टाका."

सभेच्या आदल्या रविवारी काका मला घेऊन गोदीतल्या एका गोवेकर सोबत्याकडे गेले. त्याच्याकडे विजेचं नवं यंत्र आलं होतं. त्यानं कसलासा खटका फिरवून तबकडी लावली आणि खोलीत चार भारदस्त आवाज उतरले. कुणाला घाई नव्हती. एकजण ओळ सोडायचा, दुसरा ती सावकाश उचलायचा, बाकीचे खालून आधार द्यायचे. काकांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. तबकडी संपल्यावर म्हणाले, "माझो बापूस असोच गायचो. नांगरामागे."

येताना मी म्हणालो, "काका, आता सावकाश गायलात तर तुम्हाला खाली उतरवतील." त्यांनी तबकडी काखेत घट्ट धरली.

सभेत मंडळानं सवयीनं सुसाट सुरुवात केली. काकांनी हात वर करून सगळ्यांना थांबवलं आणि एकट्यानं, जाड्या आवाजात, पहिली ओळ पुन्हा उचलली. गडी बावचळले, मग हळूहळू आवाज खाली आणून त्यांना सामील झाले. पुढारी खुर्चीत बसले, उठले, घड्याळ बघून पुन्हा बसले. कार्यकर्ता काकांचा सदरा ओढत होता. शेवटी त्यानं लाउडस्पीकर बंद केला. पुढच्या चार रांगांनाच ऐकू गेलं असेल, पण काकांनी गीत पुरं केलं आणि मगच उतरले.

मंडळाला पुन्हा कुणी बोलावलं नाही. आता काका नाहीत. त्यांची तबकडी माझ्याकडे आहे, पण त्या जुन्या ग्रामोफोनच्या जाड सुईनं तिच्यावरचं गाणं कधीच खरवडून नेलंय. लावली की बोंबील तळल्यासारखी नुसती चरचर येते. मला काकांची फार आठवण येते, तेव्हा मी ती लावतो आणि शेवटपर्यंत वाजू देतो. मध्येच बंद केलेलं त्यांना आवडलं नसतं.