पोचेपर्यंत न झाडलेली खोली

ऐंशीच्या दशकात आम्ही अमेरिकेत, बॉस्टनजवळच्या श्रूजबरीला राहायचो तेव्हा आमच्या खालच्या मजल्यावर एक स्वीडिश सिनेदिग्दर्शक राहत. तरुणपणी त्यांनी तीन सिनेमे लिहून दिग्दर्शित केले होते. पहिल्या दोन सिनेमांनी नाव दिलं आणि तिसऱ्यानं ते परत घेतलं, असं तेच हसत सांगायचे. मग कुणा निर्मात्याच्या बोलावण्यावरून ते अमेरिकेत आले. निर्मात्याचं मन बदललं आणि हे इथल्या कॉलेजात सिनेमा शिकवत राहिले. आमच्या घरात त्यांचे काका कधी झाले ते आठवत नाही.

माझ्या व्हिसावर नोकरीची परवानगी नव्हती, पण टायपिंग येत होतं. दुपारी काका वर यायचे, खिडकीजवळच्या खुर्चीत डोळे मिटून चौथ्या सिनेमाची पटकथा सांगायचे. एक म्हातारी, समुद्राकाठचं लाकडी घर, देश सोडून निघालेला मुलगा. बाहेर बर्फ पडत असायचा आणि आत हीटरच्या उबेनं मला गुंगी यायची. त्या लाकडी घरात अकोल्याचं ऊन शिरायचं. म्हातारी उठून चालू लागली की पावलं माझ्या आईची असायची. बोटं मात्र टाइप करत राहायची.

शेवट काही जमत नव्हता. मुलगा गेल्यावर काकांनी म्हातारीला रडवून पाहिलं, बंदरावर पळवलं, एकदा तर मारूनच टाकलं. ते पान मी टाइप करायला चक्क नकार दिला. त्यांच्या मायदेशातला एक निर्माता तयार होता, पण बर्फ वितळेपर्यंतच थांबणार होता. हा सिनेमा हातचा गेला तर पुन्हा कुणी विचारणार नाही, हे काकांना ठाऊक होतं.

"अगं, पिक्चर त्यांचा, टेन्शन तू का घेतेस?" नवरा म्हणाला. माझं डोकंच फिरलं.

एका दुपारी काकांनी विचारलं, "तुम्ही निघालात तेव्हा तुमच्या आईनं काय केलं?"

"काही नाही. हातावर दही ठेवलं. आणि मग माझी खोली झाडली नाही."

त्यांना कळेना. माणूस घराबाहेर पडला की तो पोचेपर्यंत केर काढायचा नाही, ही आमच्याकडची रीत मी सांगितली. गावाला गेलेलं माणूस संध्याकाळपर्यंत पोचतं. मी गेले अमेरिकेला, आणि पोचल्याचं पत्र मिळायला महिना लागला. तो महिनाभर आईनं त्या खोलीला केरसुणी लावली नाही.

काकांनी खुर्चीत मागे टेकून डोळे मिटले. मग म्हणाले, "टाइप करा."

बर्फ वितळायच्या आत ते मायदेशी निघाले. मी त्यांच्या तळहातावर दही ठेवलं, त्यांनी काही न विचारता खाल्लं. त्यांच्या खुर्चीखालचा बिस्किटांचा चुरा मी तसाच राहू दिला. पण तिसऱ्याच दिवशी मुंग्यांनी रांग लावली आणि झाडावंच लागलं. त्यानंतर त्यांचं पत्र नाही, फोन नाही. दोन हिवाळे गेले. मला त्या मुंग्यांचा फार राग यायचा.

मग बॉस्टनच्या एका लहानशा थिएटरात त्यांचा सिनेमा लागला. शेवटी पडद्यावर ती रिकामी खोली होती. कवडशात धूळ तरंगत होती, टेबलावर उतरत होती. म्हातारी केरसुणी घेऊन दारात आली. जमिनीकडे पाहत उभी राहिली. मग केरसुणी भिंतीला टेकवून आल्या पावली परत गेली.

"संपला?" नवऱ्यानं हळूच विचारलं. मी हुंदके देत होते.

त्या रविवारी अकोल्याला शेजाऱ्यांच्या फोनवर आईला बोलावून सगळं सांगितलं.

"अगं, मी महिनाभर खोली झाडली नाही हे जगभर सांगत सुटलीस होय?" मग तिनं विचारलं, "आणि ते गृहस्थ? सुखरूप पोचले ना?"

"पोचले, आई. सिनेमा आला म्हणजे पोचलेच."

"मग त्या म्हातारीला म्हणावं, काढ आता केर."